एकेचाळीस माणसांचं गाव

वडखेड्याला रेल्वेचा थांबा मिळणार नाही, हे गीताबाई साळवे यांना शाळेच्या भिंतीवर चिकटवलेल्या कागदावरून कळलं. संभाजीनगर ते जालना अशी लोकल प्रस्तावित आहे. तिच्यासाठी केलेल्या पाहणीत गावातून रोज ये-जा करणारे निघाले एकेचाळीस. थांब्याला हवे होते दोनशे.

गीताबाईंचं डोकंच फिरलं. शेंद्र्याच्या एका कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये त्या एकोणीस वर्षं पोळ्या लाटताहेत. पाळी सकाळी सातची. पाचलाच फाट्यावर उभं राहायचं, काळी-पिवळी जीप आली की चौदा जणींनी एकमेकींच्या मांडीवर बसायचं. अशा पंधरा जीपा रोज भरतात. गेल्या वर्षी शेजारची सुलेखा मागच्या दारातून खाली पडली. तिचा पाय अजून सरळ होत नाही.

हरकतींवर सुनावणी मंगळवारी सकाळी साडेदहाला, शाळेतच. गीताबाई कामावर खाडा करून गेल्या. बाकी सगळे पुरुष, तेही साठीच्या पुढचे.

"साहेब, मोजलं कव्हा तुम्ही?"

पाहणी अधिकाऱ्यानं तक्ता चाळला. "सकाळी दहा ते बारा. फाट्यावर दोन माणसं बसवली होती."

"दहाला? दहाला गावात ऱ्हातं कोण? हे अप्पाराव आन् त्यांचे पत्ते!"

"गीताबाई, थांबा कशाला," अप्पाराव म्हणाले, "इमानतळच मागा."

"तुम्ही गप बसा. सरकारच्या एकेचाळिसात तुम्ही हाव, मी नाय."

हशा झाला. गीताबाई हसल्या नाहीत.

"हरकत लेखी द्या," अधिकारी म्हणाला. "फेरमोजणी करू."

"किती वाजता?"

"कार्यालयीन वेळेत. आमची माणसं दहाच्या आधी येत नाहीत, ताई."

"आम्ही येतो ना! रोज! थंडीत, चिखलात! तुमच्या माणसाला एक दिवस उठायला काय होतं?"

सुनावणी उरकल्याचं सांगून त्यानं कागद गोळा केले. गीताबाईंनी लिहून आणलेला हरकतीचा अर्ज टेबलावर ठेवला, पण त्यावरचा हात उचलला नाही.

"पोच द्या. आन् फेरमोजणी पहाटे पाचला, असं तुमच्या हातानं लिहा."

"तसं लिहिता येत नाही."

"मग येत नाय असं लिहा. खाली सही करा. कारखान्यातल्या बायांना दाखवायचंय मला."

बाहेर ड्रायव्हरनं हॉर्न दिला. अधिकाऱ्यानं एकदा दाराकडं पाहिलं, मग पेन काढलं आणि 'पहाटे ५' लिहिलं. वार लिहिला नाही.

"वार?" गीताबाई म्हणाल्या.