मुशी, बोंबील आणि आमची वंशावळ

आमच्या घराण्याची वंशावळ दर पिढीला नव्याने छापतात. या खेपेला ते काम बाबांच्या चुलतभावाकडे आलं. काका बँकेतून निवृत्त झाल्यापासून त्यांना कोणावर तरी देखरेख करायची होती, आणि जिवंत माणसं ऐकेनात म्हणून ते पूर्वजांकडे वळले. गेल्या हिवाळ्यात एका रविवारी छपाईआधीचे कागद घेऊन ते दिवेआगरला आमच्या वाडीत आले. सोबत खाडीतला चांगला मोठा जिताडा मासा होता. आमच्या भागात जिताडा घेऊन येणारा माणूस नुसता भेटायला येत नाही.

मी तालुक्याच्या कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते. लग्न केलं नाही, भावंडं नाहीत. वादळात वाडीतली झाडं झोपली तेव्हा बाबांच्या मदतीला म्हणून मी घरी राहायला आले, असं मी लोकांना सांगते. मला सांभाळायला त्यांनी ठेवून घेतलंय, असं बाबा सांगतात. दोन्ही खरं असावं.

काकांनी पडवीत कागद पसरले. मूळ पुरुष सगळ्यांत वर, त्याच्याखाली त्याचे मुलगे, त्यांच्याखाली त्यांचे मुलगे. बाई औषधालाही नव्हती. इतक्या पिढ्या नुसत्या पुरुषांनी कशा निभावल्या, याचं प्राणिशास्त्राकडे उत्तर नाही. बाबांचं नाव उजव्या कोपऱ्यात होतं आणि त्याखाली कंसात एकच शब्द होता, निर्वंश.

बाबांनी तो वाचला. चष्मा काढून पंच्याने पुसला, पुन्हा घातला आणि पुन्हा वाचला. मग म्हणाले, जेवून घेऊ. ऐंशी ओलांडलेला माणूस, वादळानंतर स्वतःच्या हाताने नव्या पोफळी लावलेला. आपल्या हयातीत आपल्या नावाखाली हे छापून येणार, हे त्यांना लागलं होतं. त्यांचा चेहरा मला बघवेना. मी स्वयंपाकघरात गेले आणि कालवणात मीठ दोनदा घातलं.

काकांच्या मनात वाईट काही नव्हतं. शाखा खुंटली की तसं लिहायची पद्धत आहे, आजवर कोणी मनाला लावून घेतलेलं नाही, असं ते म्हणाले. ज्यांच्या नावाखाली लिहिलं ते सगळे आधीच वारलेले होते, त्यामुळे तक्रार आली नसेल, असं मी म्हटलं. काकांनी विषय बदलायला भिंतीकडे बोट दाखवलं आणि ही कोणाची वंशावळ म्हणून विचारलं. तो मी कॉलेजच्या मुलांसाठी काढलेला माशांच्या उत्क्रांतीचा तक्ता होता. तुमचीच, मी म्हटलं.

मग राग होता तोवर सगळं समजावून सांगितलं. मुशी, म्हणजे आपला शार्क, या खोडातून फार आधी फुटून गेली. उरलेल्यांची पुढे दोन घराणी झाली. एकात बोंबील, सुरमई, जिताडा. दुसऱ्यात फुप्फुसांनी श्वास घेणारे काही मासे, आणि त्यांच्याच भावकीत बेडूक, पाली, गुरं आणि काका. म्हणजे बोंबलाला मुशी जितकी जवळची, त्याहून काका जवळचे. काका म्हणाले, आमच्या आईने हे कधी सांगितलं नाही, आणि सांगितलं असतं तरी तिने बोंबील तळायचे सोडले नसते.

पानावर बसल्यावर गाबोळीचा, म्हणजे माशाच्या अंड्यांचा, तुकडा काकांना वाढला. जिताडा लहानपणी नर असतो आणि मोठा झाला की मादी होतो, तेव्हा तुमच्या पानातली गाबोळी एका माजी पुरुषाची आहे, हेही मी त्यांना सांगितलं. काकांचा घास थांबला. मग याला वंशावळीत कुठे घालायचं, असं बाबांनी अगदी सरळ चेहऱ्याने विचारलं. काकांच्या पद्धतीने तरुणपणी छापायचं आणि म्हातारपणी खोडायचं, मी म्हटलं. खारट कालवणाबद्दल कोणी बोललं नाही.

जेवणानंतर काका पानाचा डबा घेऊन बसले. बाबा हात मागे बांधून तक्त्यासमोर उभे राहिले. बऱ्याच वेळाने त्यांनी मला विचारलं, की काही रेघा मध्येच थांबल्यात आणि टोकाला फुली आहे, ते कोण? मी सांगितलं, ते संपले. त्यांच्यामागे कोणी उरलं नाही.

"मग काढलेत कशाला?"

"होते म्हणून," मी म्हटलं. "ते वगळले तर झाड खोटं होतं."

बाबा पडवीच्या कडेला कागदांपाशी जाऊन बसले आणि काकांकडे पेन्सिल मागितली. काका घाईने म्हणाले की तो शब्द काढून टाकू, खाली जागा कोरी ठेवू, झालं. बाबांनी ऐकलं नाही. शब्द खोडला, आपल्या नावाखाली रेघ ओढली आणि तिच्या टोकाला माझं नाव लिहिलं. रेघ वाकडी होऊन शेजारच्या शाखेला घासून गेली.

काकांनी ते बघितलं. या वेळी त्यांचा आवाज मऊ होता. "दादा, हिच्यापुढेही कोणी नाही रे. तोच शब्द आता हिच्या नावाखाली लिहावा लागेल."

हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. सकाळपासून मी बाबांसाठी भांडत होते. तो शब्द एक पायरी उतरून माझ्याखाली येऊन बसेल, असं मनातही आलं नव्हतं. काकांचं बरोबर होतं.

काकांनी पेन्सिलीसाठी हात पुढे केला. बाबांनी ती दिली नाही.

"तिथे काही लिहायचं नाही," ते म्हणाले. "ती अजून आहे."