नोरीनच्या कोबीवरच्या गोगलगाई

नोरीन भर पावसातही बूट चढवून कोबीच्या वाफ्यात उतरायची, सापडेल त्या गोगलगाईला एखाद्या पक्षीचोराचं नाव द्यायची आणि चिरडायची. मग तिच्या बोलीत म्हणायची, "ग्रँड!", म्हणजे झकास.

इथे परदेशात, सिटीवेस्ट उपनगरातली ही माझी म्हातारी शेजारीण. लोकांनी टाकलेले पोपट सांभाळण्यात तिचा जन्म गेला.

२०२०च्या टाळेबंदीत लेकीसाठी मी डेक्लन नावाच्या दलालाकडून पिवळ्या तुऱ्याचा पांढरा काकाकुवा आणला. "माझ्या घरीच जन्मलाय," तो म्हणाला. थोड्याच दिवसांत पक्ष्याने स्वतःच्या छातीची पिसं उपटली. नोरीनने त्याच्या पायातलं कडं पाहिलं.

"घरच्या पिल्लाला अख्खं, बिनसांध्याचं कडं चढवतात. याला सांधा आहे, हे मागाहून आवळलंय. इंडोनेशियातून चोरलंय याला. ढोलीची झाडं तुटली, उरलेसुरले पक्षी हे चोर प्लास्टिकच्या बाटल्यांत कोंबून आणतात. याच्यासोबत दुसरा होता?"

"होता. डेक्लनकडेच आहे."

"मग जोडीदाराशिवाय हा पिसं उपटणारच."

मी डेक्लनला फोन केला. तो हसला. "तुमच्याकडे पोपट झाडावर फुकट मिळतात ना? तिकडून आण!"

नागपूरच्या फुटपाथवर छत्र्या विकून मी वर आलोय. फसवलेलं एक वेळ सोडीन, हसलेलं नाही.

"सूड हवाय?" नोरीनने विचारलं. "पण तुझाही पक्षी जाईल. निवाऱ्यात दोघं एकत्र राहतील."

लेकीचा चेहरा डोळ्यांसमोर आला. तरी म्हटलं, "जाऊ दे."

नोरीनच्या ओळखीच्या वन्यजीव अधिकाऱ्याला डेक्लनच्या घरात शिरायची परवानगी मिळत नव्हती. चोरीचा माल रस्त्यावर यायला हवा होता. मी मास्क लावून, नाव बदलून दुसऱ्या काकाकुव्याचं गिऱ्हाईक म्हणून त्याच्या घरी गेलो. भाव इतका पाडला, की डेक्लन लाल झाला. मग आमच्या बाजारातला जुना डाव टाकला: उठलो आणि चालू लागलो. मागे वळून बघायचं नाही.

"अरे, थांब! घेऊन जा!" पिंजरा घेऊन तो रस्त्यावर धावत आला. समोर नोरीनची गाडी, शेजारी अधिकारी. मी मास्क काढला. नोरीनने काच खाली केली. "ग्रँड!"

पक्षी-निवाऱ्यात दुसऱ्याने आमच्याची उघडी छाती चोचीने हळूहळू साफ केली. लेक रडली, पण बघत राहिली.

त्याच हिवाळ्यात नोरीन गेली. शेवटच्या भेटीत एवढंच म्हणाली, "तो परत धंदा मांडेल. तू विसरू नकोस."

त्याने मांडलाय म्हणे. पुन्हा गिऱ्हाईक बनून जायला मी नवं नाव ठरवून ठेवलंय. आज सकाळी तिच्या वाफ्यात एक लठ्ठ गोगलगाय सापडली. म्हटलं, "या, डेक्लनराव!" आणि बूट उचलला.