नको तितकं प्रेम करणारा

त्या दिवशी माझे पती गेले. सकाळी त्यांनी जीप काढली. हिंगोलीजवळच्या आमच्या गोरेगावहून सेनगावकडे जाताना त्यांनी ती रस्त्याच्या कडेला घेतली, ब्रेक लावला आणि स्टिअरिंगवर डोकं ठेवलं. मागे बसलेल्यांना वाटलं, गाडीत बिघाड झाला. मी शेजारी होते. दवाखान्यात डॉक्टरांनी नाडी पाहिली आणि नकारार्थी मान हलवली.

विशेषणं नंतर आली. भेटायला येणारे लोक ती घेऊन आले. कष्टाळू. मनमिळाऊ. निर्व्यसनी. जो येई तो ओट्यावर बसे, पाण्याचा तांब्या हातात घेई आणि यांतलं एखादं विशेषण बोलून उठे. मी ऐकत होते. इंग्रजी शिकवण्यात माझं आयुष्य गेलं आहे, विशेषण म्हणजे नामाबद्दल अधिक माहिती सांगणारा शब्द, असं मी वर्षानुवर्षं फळ्यावर लिहीत आले. या शब्दांतून काहीच माहिती मिळत नव्हती. ते आमच्या गल्लीतल्या कुठल्याही माणसाला लागू झाले असते.

त्यांना लागू होणारा शब्द वेगळा होता, आणि तो गावात सगळ्यांना माहीत होता.

त्यांची प्रवासी वाहतुकीची काळीपिवळी जीप होती. नव्वद सालानंतर आमचं लग्न झालं तेव्हा ती भावाच्या भागीदारीत होती, पुढे त्यांची एकट्याची झाली. माझी शाळा सेनगावच्या अलीकडे एका गावात. जीपमध्ये पुढे ड्रायव्हरशेजारची जागा मानाची. तिथे सरपंच बसतो, तलाठी बसतो, जावई बसतो. बायका मागे, पिशव्या मांडीवर घेऊन. हे पुढची जागा माझ्यासाठी ठेवत. रोज. सरपंच आले तरी.

एक कापसाचे अडते होते, जवळपास रोजचे प्रवासी. ते दारातूनच सुरू करत.

"काय ड्रायव्हर, पुढची शीट आजबी रिझर्व का?"

"व्हय. सरकारी मानूस हाय, टायमात पोचवावं लागते."

"सरकार कोनतं, घरचं का?"

"घरचंच. बाहेरचं सरकार मला कुठं पगार देऊन राहिलं?"

सगळी जीप हसे. मी खिडकीबाहेर बघे. हेही हसत आणि गिअर टाकत.

गावात त्यांना बाईलवेडा म्हणत. समोर म्हणत, मागे म्हणत. हिंगोलीच्या स्टँडवर त्याचं हिंदी होई, जोरू का गुलाम. आमच्या थोरल्या दिरांना याचा फार त्रास होई. माझी साडी हे स्वतः रस्त्याकडच्या तारेवर वाळत घालत, ते पाहून दीर एकदा म्हणाले, "अरे, निदान परसात तरी वाळू घाल." तर हे म्हणाले, "परसात ऊन न्हाई, दादा." दिरांना वाटलं, हा मुद्दाम करतो. खरं म्हणजे परसात ऊन नव्हतंच.

एम. ए.ची परीक्षा मी बाहेरून दिली. एका रविवारी दुपारी शब्दांचा अभ्यास करत होते. एक शब्द आला, अक्झोरियस. लॅटिनमध्ये उक्झोर म्हणजे बायको, त्यावरून तो आला. आमच्या इंग्रजी-मराठी शब्दकोशात त्याच्यापुढे दोन शब्द होते: स्त्रैण, बाईलवेडा. मी वाचता वाचता थांबले. हे उंबऱ्यात बसून शेंगा फोडत होते.

"तुमच्यासाठी इंग्रजीत शब्द हाय," मी म्हणाले.

"काय?"

"अक्झोरियस."

"टायरच्या कंपनीचं नाव वाटून राहिलं. मतलब?"

"बायकोवर नको तितकं प्रेम करणारा."

त्यांनी दोन-तीन शेंगा फोडल्या. "शिवी हाय का कौतुक?"

"शिवीच जास्त."

"आन नको तितकं म्हंजे किती? कोन मोजून राहिलं?"

"ते लिहिलेलं न्हाई."

"मंग तुझं पुस्तक अर्धं हाय." थोड्या वेळाने त्यांनी विचारलं, "बाईसाठी हाय का असा? नवऱ्यावर नको तितकं?"

मी पाहिलं. आमच्या कोशात नव्हता. बाईचं प्रेम जास्त होऊ शकतं असं कुणाला वाटलेलं दिसत नव्हतं. तिने कितीही केलं तरी ते कर्तव्याच्या हिशेबात जातं आणि वर तिला चांगलं म्हणतात.

"बघ," ते म्हणाले, "बाया सुटल्या." आणि शेंगदाण्यांची वाटी माझ्याकडे सरकवली.

पुढे प्रशिक्षणासाठी मी औरंगाबादला गेले होते, तिथल्या ग्रंथालयात एक जाडजूड कोश होता. त्यात बाईसाठीचा शब्द सापडला, मॅरिटोरियस. त्याच्यापुढे खूण होती, आता वापरात नाही. घरी येऊन सांगितलं तर ते म्हणाले, "चालत न्हाई म्हंजे बंद पडला? पेट्रोल संपलं असंल त्याचं." त्याच कोशात अक्झोरियसचा अर्थही जरा वेगळा दिला होता. बायकोवर खूप किंवा नको तितकं प्रेम करणारा. मधे तो 'किंवा' होता. शब्दाचा वापर हळूहळू बदलतो आहे, काही लोक आता तो दोष न देताही वापरतात, असं मला वाटलं. मी हे त्यांना सांगितलं. त्यांनी ते फार मनावर घेतलं नाही. पण दुसऱ्या दिवशी जीपमध्ये अडत्यांनी सुरुवात केली तेव्हा ते म्हणाले, "हसा. पन इंग्रजीत याला वेगळा शब्द हाय. म्हंजे तिकडंबी माझ्यासारखे असतील ना? एकट्यासाठी कोन शब्द करते?"

अडते हसत मागच्या शिटावर सरकले.

मी खरं लिहिते आहे, तर हेही लिहायला हवं. कोशातलं ते 'नको तितकं' नेहमीच खोटं नव्हतं. मी डबा विसरले म्हणून त्यांनी भरलेली जीप अर्ध्या वाटेतून मागे फिरवली होती. मागे एक बाई ताप आलेलं लेकरू घेऊन बसली होती. मला उतरून चालत जावंसं वाटलं. हिंगोलीला माझी बैठक असली की ते दिवसभर स्टँडवर थांबत, फेऱ्या बुडवून. हिंगोली जिल्ह्याचं ठिकाण झालं त्या सुमारास बैठका वाढल्या, तेव्हा मी सांगितलं, "मी एसटीनं जाते. एकटी. मला पुस्तक वाचत जायचं हाय." त्यांनी हो म्हटलं. मी एसटीत बसले, पुस्तक उघडलं. दोन थांबे गेल्यावर कंडक्टर म्हणाला, "बाई, तुमची जीप मागून येऊन राहिली." मी मागच्या काचेतून पाहिलं. रिकामी काळीपिवळी, एसटीच्या धुराळ्यात, बरोबर मागे. कुणी हात केला तरी ती थांबत नव्हती. बसमधल्या बायका पदर तोंडाला लावून हसत होत्या. त्या दिवशी पुस्तकाचं एकही पान वाचून झालं नाही. संध्याकाळी मी बोलले नाही, आणि ते भाकरी करत बसले. त्यांच्या भाकरीला कडेला नेहमी चीर पडायची.

असं प्रेम सोपं नसतं. त्याच्याखाली माणूस दमतो. हे मी तेव्हा कुणाला सांगू शकले नाही, कारण मार खाणाऱ्या बायका मी आजूबाजूला पाहत होते. त्यांच्यासमोर कसली तक्रार करणार?

ते गेल्यावर चार दिवसांनी थोरले दीर घरी आले. आम्हा बौद्धांकडे माणूस गेल्यावर पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम असतो. लोक पांढरे कपडे घालून येतात, वंदना होते, मग एकेक जण उठून गेलेल्या माणसाबद्दल दोन शब्द बोलतो. दीर त्याचंच ठरवायला आले होते, बाजेवर बसले. लेक आत होती. ती तेव्हा नांदेडला अकरावीत होती, वसतिगृहातून आली होती.

"बाई," दीर म्हणाले, "चार-दोन लोक बोलतील. मी सांगून ठेवलं. कष्टाळू होता, कोनाचं वाईट केलं न्हाई, येवढं बस हाय."

"बराबर."

"ते दुसरं कोनी काढू नये. लोकांनी लई हसून घेतलं त्याला. मेल्यावर तरी मानूस म्हनून जाऊ द्या." त्यांचा आवाज बसला होता. "आन तुमी बोलू नका. बाईमानसानं बोलायची आपल्यात रीत न्हाई."

ते भावासाठीच बोलत होते. धाकट्या भावाला लोक हसतात, हे त्यांनी वर्षानुवर्षं पाहिलं होतं आणि दर वेळी मान खाली घातली होती. आता निदान एक दिवस त्यांना मान वर करून बसायचं होतं. मला ते कळत होतं. पण ते दुसरं काढून टाकलं तर माझ्याकडे काय उरणार होतं, हे त्यांना कळत नव्हतं.

कार्यक्रमाला अंगण भरलं. फोटोला फुलं वाहून झाली, वंदना झाली. एक शिक्षक बोलले, एक ग्रामपंचायत सदस्य बोलले. कष्टाळू, मनमिळाऊ. मग अडते उठले. त्यांनी टोपी काढून हातात घेतली. मला वाटलं, आता तरी ते खरं बोलतील. ते म्हणाले, "ड्रायव्हर भला मानूस होता. गाडी सांभाळून चालवायचा. निर्व्यसनी होता." खाली बसताना त्यांनी दिरांकडे पाहिलं. दिरांनी मान डोलावली.

मी फोटोकडे बघत होते. फोटोतला माणूस आणि ज्याच्याबद्दल बोलत होते तो माणूस, यांची ओळख नव्हती. बौद्धाचार्यांनी विचारलं, अजून कुणाला बोलायचं आहे का. ते विचारायचं म्हणून विचारतात.

मी उभी राहिले. बायकांच्या रांगेत कुजबुज झाली. जाऊबाईंनी माझा पदर ओढला, "बसा, बसा." मी पदर सोडवून घेतला.

"तुमी सगळे त्यांना बाईलवेडा म्हणायचे," मी म्हणाले. "आज कोणीच म्हटलं न्हाई. ते तसे होते. मला त्याची कधीकधी तकलीफ झाली, आणि तरी ते तसेच होते. बाकी जे तुमी बोलले ते खरं हाय, पण ते कोणाबद्दलही बोलता येतं. हे त्यांच्याबद्दलच बोलता येतं. म्हणून उठले."

मग बसले. चुलीवरच्या भगोण्यात चहा उकळत होता.

अडते बसल्या जागेवरून म्हणाले, "व्हय बाई. होताच तो. एसटीच्या मागं रिकामी जीप घेऊन हिंडला गडी." आणि कुणीतरी हसलं. मग दुसरं हसलं. बायकांच्या रांगेतून एक म्हातारी म्हणाली, "साड्याबी किती निगुतीनं वाळू घालायचा माय!" हसणारे लोकच डोळे पुसत होते. दीर उठून चहाकडे गेले. पाठमोरे उभे राहिले, बराच वेळ.

रात्री जेवणं झाल्यावर दीर निघताना दारात थांबले. "लोक हसले, बाई."

"व्हय. हसले."

"मेलेल्या मानसाला."

"हे जिवंत असताना पण लोक हसायचे, दादा. आणि हे पण हसायचे त्यांच्यासंगं."

दिरांनी चपला घातल्या. "तो हसायचा," ते म्हणाले. "मला न्हाई जमलं कधी." मग गेले. त्यानंतर बरेच दिवस ते आमच्या दारावरून गेले, पण आत आले नाहीत. मी त्यांना दोष देत नाही. त्यांच्या भावाचं त्यांना एक हवं होतं, मला दुसरं, आणि अंगण एकच होतं.

लेकीने झोपताना विचारलं, "मम्मी, तू सगळ्यांसमोर असं काहून बोललीस?"

"तुला राग आला का?"

"न्हाई." ती छताकडे बघत होती. "मला शाळेत चिडवायचे त्यावरून. मी घरी सांगितलं नव्हतं. आज पहिल्यांदा लाज वाटली न्हाई."

मी दिवा घालवला. हलकं वाटेल अशी माझी अपेक्षा होती. तसं काही झालं नाही. थकवा होता तेवढाच राहिला, फक्त त्यात खोटं काही उरलं नव्हतं.

आता काही वर्षं झाली. जीप विकली. लेक नांदेडलाच नोकरी करते, सणावाराला येते. थोरले दीर महिन्यातून एकदा येतात, चहा घेतात, पावसापाण्याचं बोलतात आणि जातात. शाळेची अजून काही वर्षं आहेत. संध्याकाळी मी पेपर तपासते, एकीपुरता भात लावते आणि लवकर झोपते.