मंचावरची पंच
आमच्या पुलगावातल्या शेजारीणबाई देशासाठी हॉकी खेळल्या, मग परदेशातल्या सामन्यांत पंच झाल्या. एकदा सांगितलेलं त्या पुन्हा सांगत नाहीत.

यंदा गावातल्या पुरुषांच्या हॉकी स्पर्धेत त्यांना शाल देऊन मंचावर बसवलं आणि पंचाची शिट्टी स्पर्धेच्या अध्यक्षांच्या भाच्याला दिली. अंतिम सामन्यात चेंडू चढाई करणाऱ्या संघाच्या कर्णधाराच्या पायाला लागून गोलात गेला; हॉकीत असा गोल धरत नाहीत. बाईंचा हात झटकन वर गेला.

अध्यक्ष म्हणाले, "म्याडम, तुम्ही पाहुण्या. बसा ना आरामात."

भाच्याने गोल दिला आणि त्याच गोलावर तो संघ जिंकला.

बक्षीस देताना बाईंनी त्या कर्णधाराला हळूच विचारलं, "पायाले लागलता ना?"

"लागलता, म्याडम. पण शिट्टी कुठं वाजली?"

त्यांनी चषक त्याच्या हातात दिला. फोटोवाला ओरडला, "म्याडम, जरा हासा ना!"

त्या नुसत्या ओठांनी हसल्या. इतक्या वर्षांच्या शेजारात तसलं हसू मी कधी पाहिलं नव्हतं.