अमिनाचाचींचा भाडेकरू

परगावच्या मित्रांनो, हे वाचून पुढच्याला पाठवा.

आज रविवारी सकाळी दहाला मी तालमीत बसून म्हाताऱ्या माणसांचे घरफाळ्याचे, म्हणजे घरपट्टीचे, अर्ज फुकट भरून देत होतो. तेवढ्यात आमच्या गल्लीतल्या अमिनाचाची आल्या. घरात भाडेकरू आहे म्हणून त्यांचा घरफाळा दुप्पट झालाय. उद्यापर्यंत हरकत घेतली नाही, तर तो भरावाच लागेल.

"चाची, भाडं किती घेता?"

"घेत न्हाय की. सदाशिव शिंपी फुकटच ऱ्हातोय."

"मग तपासणीच्या साहेबांना भाडं घेते असं का सांगितलंत?"

"ते पोरगं शेजारीच उभं हुतं. त्याच्या देखत फुकट ऱ्हातोय म्हणू व्हय?"

मी म्हणालो, "आता खरं लिहिलं, तर साहेब येऊन त्यालाच विचारतील."

चाची म्हणाल्या, "भाचा हाय म्हणून लिव्ह. भाच्याकडनं कोण भाडं घेतंय?"

मी तसं लिहिलं. पण खाली 'वरील मजकूर खरा आहे' असं छापलेलं, आणि अर्ज लिहिणाऱ्याचीही सही हवी. माझा हात थांबला.

"तुझं किती झालं?" चाचींनी विचारलं.

"काही नाही. फुकट आहे."

"मग तू बी भाचाच की!"

मी सही केली. तुम्ही केली असती का?