मुठीवरची सोन्याची वेल

सासरी मला कुणी ओरडलं नाही, हेच वाईट झालं. दोन सणसणीत शिव्या मिळाल्या असत्या तर मी तेव्हाच रडून मोकळी झाले असते.

माझं माहेर सांगलीचं, हळदीच्या व्यापाऱ्याचं. आमच्याकडे खंडेनवमीला शस्त्रं कुठली? तराजूची पितळी पारडी आणि वजनं पुजायची. आदल्या दिवशी चिंच आणि विटकरीच्या भुकटीनं ती अशी घासायची, की त्यात तोंड दिसावं. सासर साताऱ्याकडचं, फौजी. सासूबाई माझ्या लग्नाआधीच गेलेल्या, नवरा सरहद्दीवर. घरात मी आणि मामंजी. मामंजींची दृष्टी पार गेली होती.

देवघरात पूर्वजांची तलवार होती. पोलादी मुठीवर सोन्याची तार ठोकून काढलेली वेल, बोटाला जेमतेम लागेल इतकीच उठलेली. मामंजी तिच्यावरून अंगठा फिरवत मला सांगायचे, "हितं कळी हाय. हितं पान मुडपलंय बघ. मारायच्या हत्यारावर बी किती जीव लावलाय गड्यानं!" तेवढ्यापुरतं त्यांचं तोंड उजळायचं. एरवी दिवसभर भिंतीकडे तोंड करून बसलेले असत.

दरवर्षी सांगलीहून एक म्हातारे शिकलगार येऊन तलवार पुसून तेल लावून जात. बहात्तरच्या दुष्काळानंतरच्या दसऱ्याला त्यांना उशीर झाला. मूठ काळवंडलेली. म्हटलं, आपण आहोत की! माझी अक्कल कुठं शेण खायला गेली होती, देव जाणे. माहेरच्यासारखी चिंच आणि विटकरीच्या भुकटीनं हात दुखेपर्यंत घासली. जुनी सैल तार सुटून मोरीत वाहून गेली आणि मला वाटलं, मळ निघतोय.

खंडेनवमीच्या सकाळी शिकलगार आले. मूठ बघून मटकन खालीच बसले.

"आवं सूनबाई, हे काय केलंसा?"

"परत काढता येईल ना?"

"काढणारी माणसंच ऱ्हायली न्हाईत. आमी नुसती धार लावतोय."

मामंजींनी हात पुढं केला. मी तलवार दिली. अंगठा मुठीवरून वर गेला, खाली आला, परत वर गेला. मी मेले असते तर बरं झालं असतं, असं मला वाटलं.

"मामंजी, माझ्या हातनं..."

"लखलखती का गं?"

"व्हय."

"मग झालं."

पुढं ते चार वर्षं जगले. दर खंडेनवमीला मी तलवार पाटावर मांडायची आणि ते दुरूनच हात जोडायचे. हातात एकदाही मागितली नाही.