बशीविना कप

दुपारचं जेवण झाल्यावर हौसाबाई जरा कलंडते. उशाशी ट्रंक, ट्रंकेवर एक कागद. जावई कामावरून येईपर्यंत त्यावर सही करायची की नाही ते ठरवायचं आहे. तिचा नवरा महिपती सरकारी विश्रामगृहात खानसामा होता. रिटायर होताना सामानाच्या मोजणीत निळ्या काठाचा चहाचा सेट कमी भरला, म्हणून त्याची ग्रॅच्युइटी अडवली, आणि ती सुटायची वाट बघत तो गेला. कागदावर लिहिलंय, सेट नवऱ्याने लंपास केला हे मला मान्य आहे, किंमत कापून उरलेले पैसे द्यावेत. सही केली की स्वतःची एक खोली होईल, जावयाच्या घरातलं पाहुणपण संपेल. पंख्याची घरघर लांब जाते. डोळा लागतो न लागतो तोच कपबश्या वाजतात.

ट्रंकेच्या पलीकडे विश्रामगृहाचं लांबलचक टेबल आहे. पांढरा डगला घालून महिपती कप पुसतोय. मेल्यावरसुद्धा या माणसाला कामाची एवढी घाई कसली, असं तिला विचारायचं असतं, पण तोंडातून भलतंच येतं.

"जेवलासा का?"

"सायबलोकांचं झाल्याबिगर मी कवा जेवलोय?"

टेबलाच्या टोकाला ऑफिसची खिडकी आहे. आत कुणीच नाही, फक्त आवाज येतो, "तुकडे दाखवा." सरकारची ही जुनी खोड. वस्तू फुटली म्हणून ते रागावत नाही, पण तुकडे बघितल्याशिवाय ती फुटली हे मानतही नाही. म्हणून महिपती त्या सेटच्या फुटक्या कपबश्या पोत्यात भरून क्वार्टरच्या माळ्यावर ठेवायचा. आणि फुटकं घरात ठेवू नये म्हणून हौसाबाईने एका दिवाळीच्या साफसफाईत ते पोतं मागच्या खड्ड्यात पुरलं. पुढे त्या खड्ड्यावर नवी इमारत उभी राहिली.

"माझ्या बायकूनं पुरलं, असं सांगितलं का न्हाई हो तुमी?"

"सांगितलं असतं तर तुला जबाबाला बोलावलं असतं. चार लोकांत हुभी केली असती तुला."

"मग ऱ्हायले असते की हुभी!"

हे आता म्हणायला सोपं आहे, तिलाही ते कळतं. तेव्हा भीतीने तिने तोंड उघडलं नव्हतं. उलट एकदा जेवताना म्हणाली होती, "टाका की कबूल करून, कोण बघतंय!" तो ताट सरकवून उठला होता. आपली बायकोच आपल्याला चोर म्हणवून घ्यायला सांगते, हे त्याच्या तोंडावर स्पष्ट दिसत होतं. तिने ते पाहिलं आणि पुढची भाकरी थापली.

टेबल आता त्यांची जुनी चूल झालंय. महिपती आधण उतरवतो.

"सही करू का मी?"

"साखर घालू?"

"अवो, सहीचं इचारते मी."

तो कप भरतो आणि सरळ कागदावर ठेवतो. हौसाबाई दचकते. या माणसाने साहेबांच्या ड्रायव्हरलासुद्धा कधी बशीशिवाय कप दिला नव्हता.

"बशी कुटंय?"

तो हसतो. रागाचा लवलेशही नाही त्या हसण्यात.

"बश्या समद्या तू पुरल्यास न्हवं?"

तिला हसूही येतं आणि रडूही. त्याचे पाय धरावेत म्हणून ती वाकते, तर हाताला गार फरशी लागते. पंखा जवळ येतो. बाहेर स्कूटर थांबते.

ती उठून बसते. शाळेत शिकवणारी लेक अजून यायची आहे, चूल थंड आहे, घरात कुणी चहा टाकलेला नाही. आणि कागदावर, बरोबर सहीच्या जागी, चहाचं ओलं वळं उमटलंय.

"आई, झाली का सही?" जावई दारातूनच विचारतो.

"कागद भिजला."

"काही हरकत नाही, उद्या दुसरा आणतो."

"दुसरा नको, जावईबापू. उद्या मलाच ऑफिसात न्या. माझा जबाब द्यायचाय."

जावई बघतच राहतो. हौसाबाई त्या वळ्यावरून बोट फिरवते. ते अजून कोमट आहे.